प्रिंट होतंय, पण जातंय कुठे? सोसायटीची बिलं पीडीएफ करण्याचा माझा अनुभव

आधीच सांगते, मी काही कॉम्प्युटरवाली नाही. मागच्या सर्वसाधारण सभेत खजिनदार कोण होणार असं विचारल्यावर सगळे खाली चहाच्या कपात बघायला लागले आणि मी नेमकी तेव्हाच मान वर केली, एवढाच माझा गुन्हा. सोसायटी ३८ फ्लॅटची, दर तीन महिन्यांनी मेंटेनन्सची बिलं काढायची. त्यासाठी आधीच्या कुठल्यातरी सेक्रेटरीने घेऊन ठेवलेलं एक जुनं सॉफ्टवेअर आहे, दिसायला अगदी गरीब, पण हिशोबाला चोख, थकबाकीवरचं व्याजसुद्धा उपविधीतली मर्यादा सांभाळून आपलं आपण लावतं. फक्त त्यात एकच बटण आहे, प्रिंट. सेव्ह ॲज पीडीएफ वगैरे काही भानगडच नाही.

आतापर्यंत बिलं कागदावर निघायची आणि वॉचमन दारात सरकवायचा. पण निम्म्या फ्लॅटमध्ये भाडेकरू, ते बिल मालकाला देतात की त्यावर भाजी निवडतात देव जाणे, मालक एक दुबईला, दोन बंगळूरला, आणि नंतर व्याज लागलं की "आम्हाला बिलच मिळालं नाही" म्हणून माझ्याशी भांडायला मोकळे. त्यात घरच्या प्रिंटरची शाई दोन महिने वापरला नाही की वाळते. म्हटलं झालं एवढं पुरे, या वेळेला सगळ्यांना पीडीएफ करून व्हॉट्सॲपवर.

भाच्याला फोन लावला. तो म्हणाला, "मावशी, काही घ्यायला नको, विंडोज १० मध्ये पीडीएफचा प्रिंटर आतच येतो." म्हणजे खराखुरा प्रिंटर नाही, नुसतं नाव. सॉफ्टवेअरला वाटतं आपण प्रिंटरला पान पाठवलं, आणि विंडोज ते कागदावर छापण्याऐवजी फाइलमध्ये लिहितं. मला ही कल्पना भलतीच आवडली. प्रिंटरच्या यादीत बघितलं तर तो नव्हताच! मग आठवलं की याच भाच्याने दिवाळीत येऊन "मावशी, किती कचरा साठवलायस" म्हणत कॉम्प्युटरची साफसफाई केली होती, त्यात फॅक्स, एक्सपीएस असले नावापुरते प्रिंटर आणि हा बिचारा पीडीएफवाला, सगळे उडवले होते. फोनवर विचारलं तर म्हणे, "अगं मला वाटलं तुला लागत नसेल."

तेव्हा त्याने मला एक गोष्ट सांगायला हवी होती जी मला नंतर कळली, ती तुम्हाला इथेच सांगते म्हणजे पुढचं पुराण तुमच्या वाट्याला यायला नको. कंट्रोल पॅनलमध्ये प्रोग्रॅम्समध्ये "टर्न विंडोज फीचर्स ऑन ऑर ऑफ" असं असतं, त्यात मायक्रोसॉफ्ट प्रिंट टू पीडीएफ समोरची टिक काढायची, ओके करायचं, परत आत जाऊन टिक लावायची, परत ओके. गेलेला प्रिंटर परत येतो. दोन मिनिटांचं काम. मी चार दिवस घालवले.

मी काय केलं, तर आधी एक फुकटचा पीडीएफ प्रिंटर डाउनलोड केला, कुठल्यातरी भलत्याच साइटवरून, आणि घाईत नेक्स्ट नेक्स्ट दाबत गेले. प्रिंटर आला की नाही माहीत नाही, पण ब्राउजरचं पहिलं पान बदललं आणि वर एक पट्टी येऊन बसली. ती काढण्यात एक दुपार गेली. (फुकटचे चांगले प्रिंटर आहेत बरं का, आणि विंडोज ७ असेल तर तसलाच घ्यावा लागतो कारण त्यात आतला येतच नाही. पण बनवणाऱ्याच्या स्वतःच्या साइटवरूनच घ्या आणि प्रत्येक टिक वाचा.)

मग ठरवलं आपणच हाताने प्रिंटर जोडू. विंडोजच्या सेटिंग्जमध्ये प्रिंटर्स अँड स्कॅनर्समध्ये ॲड दाबलं, तो बराच वेळ शोधत बसतो, मग खाली हळूच "तुम्हाला हवा तो यादीत नाही" अशा अर्थाची इंग्रजी ओळ येते, ती दाबायची, तिथे सगळ्यात शेवटचा मॅन्युअलचा पर्याय. इथपर्यंत ठीक. आता तो विचारतो पोर्ट कुठला, म्हणजे छपाई कुठल्या वाटेने बाहेर पाठवायची. पोर्ट! मला कसं माहीत असणार? पहिलंच नाव होतं एलपीटी१, मी म्हटलं पहिलं आहे तर तेच बरोबर असेल. पुढे कंपन्यांच्या यादीत मायक्रोसॉफ्ट, त्यात प्रिंट टू पीडीएफ, नेक्स्ट, फिनिश. प्रिंटर यादीत आला. मी नवऱ्याला बोलावून दाखवलासुद्धा.

फ्लॅट १०१ चं बिल पाठवलं. काही नाही. परत पाठवलं. काही नाही. कोपऱ्यात प्रिंटरचं छोटं चित्र, त्यावर दोनदा क्लिक केलं तर दोन्ही बिलं रांगेत उभी. एलपीटी१ म्हणजे जुन्या डॉट मॅट्रिक्सच्या काळातलं ते रुंद २५ पिनांचं भोक, जे माझ्या कॉम्प्युटरला नाहीच आहे. तर बिलं बिचारी नसलेल्या भोकातून बाहेर जायची वाट बघत होती. कॅन्सल केलं तर "डिलीटिंग" लिहून आलं आणि तसंच राहिलं, रात्री झोपताना डिलीटिंग, सकाळी चहा घेताना डिलीटिंग.

याचा उपाय लिहून ठेवा, कारण हा खऱ्या प्रिंटरलाही लागतो. स्टार्टमध्ये सर्व्हिसेस शोधायचं, लांबलचक यादी येते, त्यात प्रिंट स्पूलर (छपाईची रांग सांभाळणारा तो हाच), त्यावर राइट क्लिक करून स्टॉप. मग सी ड्राइव्ह, विंडोज, सिस्टिम३२, स्पूल, त्याच्या आत प्रिंटर्स नावाचं फोल्डर, त्यातल्या फाइल्स उडवायच्या. फोल्डर नाही उडवायचं, आतल्या फाइल्स! मग स्पूलर परत स्टार्ट. रांग रिकामी.

आता खरी गंमत. परत पोर्टची यादी उघडली, या वेळी नीट वाचली. एलपीटी१, २, ३, मग कॉम१, कॉम२ वगैरे, आणि त्यात एक ओळ, फाइल, कंसात प्रिंट टू फाइल. तुम्हीच सांगा, मला फाइल हवी आहे, समोर लिहिलंय फाइलमध्ये प्रिंट करा, कुठलाही शहाणा माणूस काय निवडेल? मी तेच निवडलं आणि तिथेच फसले.

या वेळी बिल पाठवल्यावर एक इवलीशी खिडकी आली. आउटपुट फाइल नेम, खाली एक रिकामी पट्टी, ओके आणि कॅन्सल. मला इतका आनंद झाला. टाइप केलं "टेस्ट", ओके. खिडकी गेली. आणि मग? काहीच नाही. ना एरर, ना फाइल. डेस्कटॉपवर नाही, डॉक्युमेंट्समध्ये नाही, डाउनलोड्समध्ये नाही. सर्चमध्ये पीडीएफ घालून सगळा सी ड्राइव्ह शोधला तर मुलीच्या बारावीच्या नोट्स सापडल्या, गॅसचं २०१९ चं बिल सापडलं, माझं १०१ चं बिल नाही. परत केलं, "टेस्ट१". परत, "टेस्ट२". कॉम्प्युटर बंद करून चालू केला. प्रिंटर काढून परत लावला, अर्थात त्याच पोर्टवर, कारण माझी खात्री होती की पोर्ट तर आता बरोबर आहे, चूक दुसरीकडे आहे. तिसऱ्या दिवशी मी त्या पट्टीत "आतातरीहो" असंही टाइप केलं.

शेवटी सॉफ्टवेअरवाल्यांच्या हेल्पलाइनला फोन केला. वर्षाला मेंटेनन्सचे पैसे घेतात, म्हटलं वसूल करू. वीस मिनिटं गाणं ऐकलं. मग एक मुलगा आला.

"मॅडम, प्रिंटर ऑन आहे का?"

"अहो, पीडीएफचा प्रिंटर आहे, व्हर्च्युअल."

"हो मॅडम, पण त्याचा हिरवा लाइट लागलाय का?"

"त्याला लाइट नाहीये. तो प्रिंटरच नाहीये, कॉम्प्युटरच्या आत आहे."

"मॅडम, एकदा केबल काढून परत लावून बघा."

मी सांगितलं केबल नाही. तो थोडा वेळ गप्प बसला आणि मग म्हणाला, "मॅडम, मग आधी प्रिंटर घ्यावा लागेल." त्याने तक्रार नंबर दिला, चोवीस तासांत फोन येईल म्हणाला. तो फोन आजतागायत आलेला नाही. कोपऱ्यावरच्या कॉम्प्युटर रिपेअरवाल्याला विचारलं तर त्याने ऐकून न घेताच फॉरमॅट मारायला सांगितलं, बाराशे रुपये. या लोकांचं सगळ्यावर एकच औषध, फॉरमॅट.

सुटलं ते असं, आणि हे माझं मी सोडवलं हे मुद्दाम सांगते. नवऱ्याच्या लॅपटॉपवर हाच प्रिंटर नीट चालत होता. तर चौथ्या दिवशी मी दोन्ही शेजारी शेजारी ठेवले, दोन्हीकडे प्रिंटर प्रॉपर्टीज उघडली आणि वहीतल्या "फरक ओळखा" सारखी एकेक टॅब बघत गेले. पोर्ट्सच्या टॅबवर सापडला! त्याच्याकडे टिक होती पोर्टप्रॉम्प्ट नावाच्या ओळीवर, माझ्याकडे फाइलवर. पोर्टप्रॉम्प्ट माझ्या यादीतही होता, इतके दिवस खाली गुपचूप बसलेला, समोर नुसतं लोकल पोर्ट लिहिलेलं, म्हणजे पीडीएफशी त्याचा संबंध आहे हे ब्रह्मदेवालाही कळू नये अशी सोय. टिक हलवली, अप्लाय केलं, बिल पाठवलं, आणि नेहमीची मोठी सेव्हची खिडकी उघडली, फोल्डर दिसतायत, खाली प्रकार पीडीएफ लिहिलंय. मी एकटीच टाळ्या वाजवल्या.

बाकीचं मग भराभर झालं, पण दोन-तीन ठिकाणी परत ठेच लागलीच. पहिल्या बिलाची दोन पानं आली, दुसऱ्या पानावर फक्त "खजिनदार" आणि सहीची रेघ. कारण कागद लेटर साइजचा लागला होता, तो ए४ पेक्षा जवळपास १८ मिलिमीटर आखूड असतो, तेवढ्यात माझी सही पडली खाली. प्रिंटिंग प्रेफरन्सेसमध्ये ॲडव्हान्स्डमध्ये जाऊन ए४ केलं. सगळी बिलं एकदम पाठवली तर ३८ पानांची एकच फाइल होते, दुबईवाल्याला सगळ्यांची थकबाकी दिसली असती आणि सोसायटीत महाभारत, म्हणून एकेक बिल वेगळं पाठवून नाव म्हणून फ्लॅट नंबर टाइप करत बसले. पाऊण तास.

आणि हो, आमच्यासारखं जुनं सॉफ्टवेअर असेल तर ते कुठला प्रिंटर हे विचारत नाही, डिफॉल्ट असेल त्याला पाठवतं. मी पीडीएफ डिफॉल्ट केला, मध्ये नवऱ्याने रेल्वेचं तिकीट कागदावर काढलं, आणि विंडोजने न विचारता डिफॉल्ट बदलून टाकला, माझं २०४ चं बिल फिक्या शाईत खडखडत कागदावर बाहेर. सेटिंग्जमधल्या त्याच प्रिंटर्स अँड स्कॅनर्समध्ये "लेट विंडोज मॅनेज माय डिफॉल्ट प्रिंटर" अशी टिक असते, ती काढून टाका. सभेची नोटीस मात्र मी या प्रिंटरने करत नाही, वर्डमध्येच सेव्ह ॲज करून पीडीएफ घेते, कारण प्रिंट केलेल्या पीडीएफमधल्या लिंक मरतात आणि त्यातला मराठी मजकूर कॉपी करायला गेलं तर जोडाक्षरांचा चिवडा होतो.

परवा ऑडिटरला द्यायला म्हणून त्या बिलाच्या सॉफ्टवेअरचं अख्खं फोल्डर पेन ड्राइव्हवर घेत होते. त्यात डेटाच्या फाइल्सच्या मध्ये अकरा पांढरी चित्रं, कुठल्याच प्रोग्रॅमची नसलेली. नावं वाचली तर टेस्ट, टेस्ट१, टेस्ट२, टेस्टपरत, आणि सगळ्यात शेवटी आतातरीहो. पुढे डॉट पीडीएफ नाही, म्हणून सर्चला सापडत नव्हत्या. "आतातरीहो"च्या पुढे डॉट पीडीएफ लिहून एंटर मारलं, उघडली. फ्लॅट १०१ चं बिल, अक्षर न् अक्षर बरोबर, माझ्या सहीच्या रेघेसकट.