पणजीची खानावळ आणि लढाई

लढाई युरोपात, पण पैसा आला लालबागला, असं आजी म्हणायची. दुसऱ्या महायुद्धात गिरण्यांना मिलिटरीच्या कापडाच्या ऑर्डरी, रात्रपाळ्या जोरात, आणि चाळीतल्या दीड खोलीत पणजीची खानावळ. जेवणारे वाढले म्हणून ती खूश, पण १९४३ मध्ये मुंबईत रेशनिंग आलं आणि तांदूळ मोजूनमापून मिळायला लागला, मग काय, मागच्या दाराने काळ्या बाजारातला घ्यायचा, भातात कण्या मिसळायच्या आणि ताटाचे पैसे मात्र वाढवायचे (हे आजी जरा हळू आवाजात सांगायची). त्यातनं पाटल्या झाल्या.

थोरला मुलगा गोदीत हमाल. लढाईमुळे बोटी वाढल्या, ओव्हरटाइम मिळतो म्हणून पणजीनेच लावलेला. १४ एप्रिल १९४४, दुपारी चारनंतर व्हिक्टोरिया डॉकमधे फोर्ट स्टिकिन नावाची बोट फुटली, त्याच बोटीत दारूगोळा, कापसाच्या गासड्या आणि वर सोन्याच्या लगडी, कोणाच्या डोक्यातून निघालं असलं लोडिंग देव जाणे. तो सापडलाच नाही.

पणजीने तिसऱ्या दिवशी चूल पेटवली. रात्रपाळीवाले ताटं घेऊन बसलेच होते.