लोकेशनवर आधी काय बघता?

तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. मी सिनेमाच्या प्रॉडक्शनमध्ये आहे हे कळलं, की लग्नात, लोकलमध्ये, मुलाच्या शाळेतसुद्धा हा प्रश्न येतो: लोकेशन बघायला गेलात की सगळ्यात आधी काय बघता? विचारणाऱ्याला वाटतं, उजेड किंवा जुना लाकडी जिना. ते दिग्दर्शक आणि कॅमेरामन बघतात. मी पाणी बघते. नळाला किती वाजता येतं आणि कितीला जातं.

हे मी गिरगावातल्या एका चाळीत शिकले. सातची शिफ्ट होती, म्हणून लाइटची माणसं पहाटे पाचलाच आली. गॅलरीभर केबल पसरल्या, टोकाच्या नळासमोर स्टँड उभे केले. माझ्या फायलीत चाळमालकाची संमती होती, पोलीस ठाण्याचं पत्र होतं, जनरेटर रस्त्यावर लावायची परवानगी होती. त्या मजल्यावर पाणी पाच ते साडेसहा येतं, हे मात्र कुठल्याच कागदावर नव्हतं. कारण मी कुणाला विचारलंच नव्हतं. कोणी भांडलं नाही. एक आजी हंडा घेऊन आल्या, पायाखालच्या केबल बघितल्या आणि तशाच मागे फिरल्या. त्यांचं ते मागे फिरणं अजून डोळ्यांसमोर येतं.

टँकर मागवला, तो गल्लीत वळेना. मग स्पॉटदादा (सेटवरची पडेल ती कामं करणारे) आणि मी मिळून बादल्यांनी जिने चढत अकरा बिऱ्हाडांची पिंपं भरली. पहिला शॉट साडेअकराला लागला. निर्माता चिडला, आणि त्याचं चिडणं रास्त होतं. शंभर माणसांची शिफ्ट वाया जात होती.

गोरेगावच्या चित्रनगरीत ही काळजी नसते. १९७७ पासून ती जागा शूटिंगसाठीच आहे. भाडं भरलं की तेवढे दिवस आपली. शहरात तसं नाही. फलाट रेल्वेचा, रस्ता पालिकेचा आणि चाळीची गॅलरी तिथे राहणाऱ्यांची, मालकाने सही दिली तरी.

पाण्यानंतर संडास. गल्लीत व्हॅनिटी व्हॅन शिरत नाही. नायिकेची सोय कुठेतरी होते. ज्युनिअर आर्टिस्ट बायका मात्र बारा तास पाणी न पिता काढतात. ते मला बघवत नाही. म्हणून जवळचा एखादा हॉल मी रेकीच्याच, म्हणजे लोकेशन बघायला जातो त्याच, दिवशी ठरवून टाकते.

दादासाहेब फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’च्या वेळी (१९१३) त्यांच्या पत्नी सरस्वतीबाईंनी सगळ्या मंडळींचा स्वयंपाक केला, उजेड परतवायला उन्हात पांढरी चादर धरून उभ्या राहिल्या, फिल्म धुतली. आमच्या कामातल्या पहिल्या त्याच, असं मी मानते. इतक्यांच्या स्वयंपाकाला आणि फिल्म धुवायला किती पाणी भरावं लागलं असेल, हे मला कळतं.

परवा ठाकूरद्वारला रेकी होती. दिग्दर्शक गॅलरीत येणारं ऊन बघत होता. मी नळापाशी उभ्या असलेल्या काकूंना विचारलं.

“पावणेपाचला येतं, सहाला जातं. मंगळवारी दाब कमी असतो गं, अर्धा तास जास्त धर.”

कॉल शीटवर, म्हणजे कुणी किती वाजता यायचं त्या कागदावर, लाइटची वेळ सव्वासहा लिहिली. मंगळवारी पावणेसात.