तुम्ही विचारलंत म्हणून: बर्गमनचा नट मिंग का झाला?

स्वीडिश दिग्दर्शक बर्गमनच्या 'सेव्हन्थ सील'मध्ये मृत्यूशी बुद्धिबळ खेळणाऱ्या मॅक्स फॉन सिडोनं 'फ्लॅश गॉर्डन' या अंतराळपटातला खलनायक सम्राट मिंग का करावा? पैशासाठीच ना? त्याचं नाव काढलं की हे विचारलं जातंच. आता एकदाच नीट सांगते.

पैसे मिळाले असतील, मिळावेतच. पण मिंग म्हणजे पायरी उतरणं, हे तुम्ही आधीच धरून चालता. पूर्वी मीही तेच म्हणायचे. हे मत हललं ते १९७३च्या 'एक्झॉर्सिस्ट' या भयपटामुळे.

त्यातला थकलेला म्हातारा पाद्री, फादर मेरिन, पाहून कित्येकांना वाटतं, नटच सत्तरीचा होता. चित्रपट आला तेव्हा तो ४४ वर्षांचा होता! ही रंगभूषा डिक स्मिथची. कातडी बोटांनी ताणून धरायची, पातळ लेटेक्स (द्रवरूप रबर) लावायचं, पूर्ण वाळू द्यायचं आणि मगच ताण सोडायचा. कातडी मागे सरते, लेटेक्सला चुण्या पडतात, त्याच सुरकुत्या. थर जाड झाला तर मुखवटा दिसतो. वाळायच्या आत ताण सुटला तर सुरकुती धरत नाही. सगळं जमलं तरी त्या चेहऱ्याखालचे मान, खांदे आणि दम चाळिशीतल्या माणसाचेच. तिथे रंगभूषाकार काही करू शकत नाही. इराकमधल्या चहाच्या दुकानात मेरिन औषधाची गोळी काढतो तेव्हाचा हात बघा. ती थरथर लेटेक्सची नाही. सहा फुटांहून कितीतरी उंच असलेला तो माणूस तिथे कसा आक्रसून बसलाय, तेही बघा.

म्हणून चिडते मी, 'मेकअपची कमाल' म्हणून मोकळं होणाऱ्यांवर.

१९८० साली मिंग करताना तो तेवढ्याच मनापासून उलट टोकाला गेला: ताठ कणा, सावकाश मान. 'हे सगळं गमतीचंय' असा डोळा कुठेही मारत नाही. तरीही ती भूमिका त्याच्या उत्तम कामांत मी धरत नाही, हे कबूल. संहितेतच फारसं काही नव्हतं. मग घ्यायचीच कशाला, असं तुम्ही म्हणाल. त्यावर माझ्याकडे चोख उत्तर नाही.

पण सातच वर्षांनी 'पेले द कॉन्करर'मधला लासे बघा. पोराला घेऊन स्वीडनहून डेन्मार्कला मजुरीला आलेला, पोरासमोर बढाया मारणारा आणि मालकापुढे गप्प होणारा बाप. पहिलं ऑस्कर नामांकन त्याचंच. दुसरं २०११च्या चित्रपटातल्या मुक्या म्हाताऱ्याला. त्याच्या एका तळव्यावर 'हो' गोंदलंय, दुसऱ्यावर 'नाही'. पोरगा विचारत राहतो, हा तळवा उघडून दाखवतो, आणि आपण मात्र त्याचे डोळे बघत असतो.