तुम्ही विचारलंत म्हणून: रानेव्स्कायाचे जोक मी का टाकत नाही

"तू रशियन शिकलीयस ना, मग त्या फाइना रानेव्स्कायाचे जोक मराठीत करून टाक की." हे इतक्या वेळा ऐकलंय की आता नुसतं 'फाइना' म्हटलं तरी माझं तोंड वाकडं होतं म्हणे. (फाइना म्हणजे सोव्हिएत काळातली नाटक-सिनेमातली नटी, जिच्या नावाने तिखट जोक फिरतात ती.) परवा एका लग्नात जेवताना परत तेच, आणि मी नाही म्हटल्यावर "अगं एवढा काय भाव खातेस, चार ओळी तर आहेत". तर एकदाच काय ते लिहून टाकते.

पहिलं म्हणजे ते जोक तिचे आहेत हे तुम्हाला सांगितलं कोणी? वपुंच्या नावाने रोज सकाळी जे काय फिरतं त्यातलं वपुंनी किती लिहिलंय हे तुम्हाला चांगलं माहितीये, नाना पाटेकरच्या फोटोखाली काय वाट्टेल ते छापतात हेही माहितीये, पण म्हातारी रशियन बाई आणि हातात सिगरेट दिसली की लगेच विश्वास. बाईंनी आठवणी लिहायला घेतल्या होत्या, त्या स्वतःच फाडून टाकल्या आणि ॲडव्हान्सचे पैसे परत केले. उरलं काय, तर चिठ्ठ्या, पत्रं, कुठेकुठे खरडलेली पानं. 1984 मध्ये त्या गेल्या, पुढे सोव्हिएत युनियनही गेलं, आणि मग त्यांच्या किश्श्यांच्या पुस्तकांचं पीक आलं. जुने ज्यू विनोद, दुसऱ्याच नटांची वाक्यं, ज्याला बाप नाही ते सगळं हिच्या पदरात. आता ती जिभेने तिखट होती, शिव्याही सणसणीत द्यायची ह्यात वादच नाही, बरोबर काम केलेल्यांनी तसं लिहून ठेवलंय. पण नेमकं कुठलं वाक्य तिचं हे मला छातीठोकपणे सांगता येत नाही, मग ते भाषांतर करून मी माझ्या नावाने कशाला पुढे ढकलू?

हे झालं लोकांना द्यायचं कारण. ते खरंच आहे, पण तेवढंच असतं तर मी एवढी चिडले नसते.

'मूल्या, मला नर्व्हस करू नकोस' हे वाक्य तुम्हाला पाठ आहे, रशियात तर शेंबड्या पोरालाही पाठ होतं. 1939 चा 'पोद्किदिश' नावाचा सिनेमा, मॉस्कोत हरवलेल्या एका लहान मुलीची गोष्ट, त्यात हिची भूमिका किती तर एका दबलेल्या नवऱ्याची दांडगट बायको, दोनचार सीन. पण नवऱ्याला मारलेली ती हाक आयुष्यभर चिकटली. रस्त्यात पोरं मागे लागायची, 'मूल्या मूल्या' करत. युद्धात ताश्कंदला असताना तिथे कवयित्री आन्ना अख्मातोवाशी तिची जवळीक झाली, आणि अख्मातोवाने हिची समजूत घातली की अगं प्रत्येकाचा एकेक मूल्या असतो, माझाही आहे, आणि स्वतःची तारुण्यातली एक फार गाजलेली कविता सांगितली. हे रानेव्स्कायानेच सांगून ठेवलंय म्हणून मी धरते. 1976 मध्ये ऑर्डर ऑफ लेनिन देताना खुद्द देशाचा प्रमुख ब्रेझनेव्हने तेच वाक्य मारलं आणि बाईंनी त्याला सुनावलं, असा पण किस्सा आहे, तो मात्र कितपत धरायचा कोण जाणे. बघा, मीच सांगायला लागले.

पण मला बोलायचंय ते 1942 बद्दल. ह्याच्याबद्दल कोणी विचारत नाही.

दिग्दर्शक आयझेनश्टाइन 'इव्हान द टेरिबल' हा सिनेमा करत होता. युद्धामुळे स्टुडिओ हलवलेला, सगळं कझाकस्तानात अल्मा-आताला. त्यात येफ्रोसिन्या स्तारित्स्काया म्हणून भूमिका आहे, झारची चुलती, सगळ्या कटांच्या मुळाशी असलेली बाई, आपल्या खुळ्या पोराला गादीवर बसवायचंय म्हणून झारच्या बायकोला विष देणारी. ही भूमिका आयझेनश्टाइनला रानेव्स्कायाकडून करून घ्यायची होती. टेस्ट झाली. त्याला ती हवीच होती. म्हणजे विचार करा, वयाची पंचेचाळिशी ओलांडलेली, मोलकरणी-मालकिणी-फटाकड्या शेजारणी करून झालेली, आणि जगातल्या सगळ्यात मोठ्या दिग्दर्शकांपैकी एकजण म्हणतो ही राजघराण्यातली खुनशी बाई तू कर.

आणि मग ऑक्टोबर 1942 मध्ये सिनेमा खात्याचा प्रमुख इव्हान बल्शाकोव्ह पक्षाच्या केंद्रीय समितीतल्या शेर्बाकोव्हला पत्र लिहितो. हे पत्र किस्सा नाहीये, कागद आहे, छापून आलेला. त्यात लिहिलंय की रानेव्स्कायाची सेमिटिक ठेवण फार ठळक दिसते, विशेषतः क्लोज-अपमध्ये, तेव्हा तिला ही भूमिका देऊ नये. आणि पुढे हेही की आयझेनश्टाइन वरपर्यंत सगळीकडे अपील करेल. म्हणजे दिग्दर्शक गप्प बसणार नाही हे माहीत होतं, तरीही. तिकडे स्टालिनग्राडमध्ये घराघरातून लढाई चालली होती, देश जर्मनांशी लढत होता, आणि इकडे एक अधिकारी एका नटीचा चेहरा किती ज्यू दिसतो ह्यावर सरकारी भाषेत मत देत होता. भाषा किती साधी आहे, ऑफिसात टेंडर नाकारतात तशी. मला त्या 'विशेषतः क्लोज-अपमध्ये'चाच जास्त त्रास होतो. कारण तिचं सगळं तिथेच होतं हो, डोळे, ते लोंबते ओठ, एका सेकंदात तीनदा बदलणारा चेहरा. लांबून तर कोणीही उभं राहतं.

ती तागान्रोगच्या फेल्डमानांची मुलगी, बाप रंगाचा कारखानदार, स्वतःची बोट असलेला. 1917 मध्ये घरचे सगळे देश सोडून गेले, ही एकटी नाटकासाठी मागे राहिली. क्रांतीनंतरच्या यादवीत क्रिमियामध्ये अक्षरशः उपासमार काढली. आडनाव घेतलं तेही चेकोव्हच्या नाटकातल्या बाईचं. आणि एवढं करून पंचवीस वर्षांनी त्याच देशाने क्लोज-अपमध्ये तिला ओळखलं, ते असं.

भूमिका सेराफिमा बिर्मनला गेली. ह्या सगळ्यावर पण एक चावट किस्सा फिरतो, की रानेव्स्कायानेच त्या सिनेमाची कशी टर उडवली आणि आयझेनश्टाइनला कसं उत्तर गेलं वगैरे. तुम्ही तो वाचून हसता. मला तो वाचला की वाटतं, पत्र झाकायला बरा आहे.

आता माझं माझ्याशीच भांडण. पंचविशीत मी ह्या बाईवर एक पेपर सादर केला होता, मुद्दा असा की ही मूळची शोकांतिकेची नटी, व्यवस्थेने तिला विदूषक करून ठेवलं. लोकांना फार आवडला, मलाही आवडला, बरीच वर्षं मी तेच बोलत फिरले. पण तेव्हाच्या मला आज विचारावंसं वाटतं, की बाई गं, मग तीन स्टालिन पारितोषिकांचं काय करायचं? एक 1949 चं, दोन 1951 ची. त्याच सरकारने दिलेली. तू ती तळटीपेत ढकलली होतीस. त्यावर ती पंचविशीतली म्हणते की बक्षिसं कशाला दिली ते बघ, एक तर जर्मन दारू-गुत्तेवालीच्या भूमिकेला, प्रचारपटातल्या. बरं, हे पण खरंच आहे. आणि बिर्मन वाईट असती तर माझं काम सोपं होतं, पण बिर्मन त्या सिनेमात अंगावर काटा आणते. मग माझं म्हणणं नक्की काय, की रानेव्स्कायाने आणखी मोठा काटा आणला असता? कोणी बघितलंय?

आणि मुख्य म्हणजे विदूषक हा शब्द मी असा वापरला होता की जणू ते खालचं काम. 1947 चा 'झोलुश्का' घ्या, सिंड्रेलाची गोष्ट. ही सावत्र आई. राजवाड्यात राजा किती वेळा आपल्याशी बोलला, किती वेळा हसला ह्याचा ती मुलींकडून वहीत हिशेब मांडून घेते, "इथे वारा येतोय, पुढे या" एवढं म्हणाला तर तेही जमेला! पोरांचा सिनेमा आहे, पण ती बाई कुठलीही हाउसिंग कमिटी चालवेल, प्रत्येक सोव्हिएत माणसाने अशी एक बाई ऑफिसात पाहिलेली होती, आणि स्टालिन जिवंत असताना हे पडद्यावर चाललं होतं. लेखक येव्गेनी श्वार्ट्झ आपल्या संवादाला कोणाला हात लावू द्यायचा नाही, हिला मात्र भर घालू दिली. त्यातलं 'राज्यच लहान पडतंय, मला हातपाय पसरायला जागा नाही' हे वाक्य रशियन लोक तिच्या करिअरला हटकून लावतात, मी लावणार नाही, ते श्वार्ट्झचं आहे. किंवा थिएटरमधलं ते 'श्तोर्म', यादवीतलं क्रांतिकारी नाटक, त्यात हिने काळाबाजारवाली मान्का केली, चौकशीचा एकच सीन, मजकूर बराचसा स्वतः रचलेला. सांगतात की तो सीन झाला की लोक उठून जायला लागले, आणि दिग्दर्शक झवाद्स्कीने शेवटी तो सीनच काढून टाकला. गंभीर नाटक वाचवायला विनोद कापला! आता ह्यात कोण कोणाला दाबतंय सांगा.

पण परत असं पण आहे की तिला स्वतःला काय वाटत होतं. आयुष्यात करायचं ते केलं नाही, हे तिच्या चिठ्ठ्यांमध्ये पुन्हापुन्हा येतं. मी आज पन्नाशीत बसून 'विनोद पण महान असतो' म्हणणार, आणि जिचं आयुष्य होतं ती म्हणतेय मला हे पुरलं नाही. मग ऐकायचं कोणाचं? मला उत्तर नाहीये. जोकवाल्या पुस्तकांना तर प्रश्नच पडलेला नाही.

एकदा आईला मी तिचं 'दाल्शे तिशिना' दाखवलं. म्हातारं जोडपं, मुलं दोघांना वेगवेगळं ठेवतात, रोस्तिस्लाव प्ल्यात नवरा आणि ही बायको, तिची सत्तरी उलटल्यावर दिग्दर्शक एफ्रोसने बसवलेलं नाटक. मी शेजारी बसून सांगत होते आणि मधेच रडत होते, आणि आई हसत होती. का हसतेस म्हटलं तर म्हणे, म्हातारी किती बेरकी आहे बघ, नवऱ्याला कळू देत नाहीये. मग मी तिला ते 1942 चं सगळं सांगितलं. आई म्हणाली, "ही? आणि विष घालणार? हिच्या तोंडाकडे बघून कोण घाबरणार गं."

मला असा राग आला म्हणून सांगू. मी उठून 'मेच्ता' हा सिनेमा लावला, दिग्दर्शक रोम्मचा, 1941 मध्ये केलेला आणि 1943 मध्ये लागलेला, म्हणजे त्या पत्राच्या आधीचंच काम. त्यात ती खानावळवाली रोझा, आपल्या नालायक पोरासाठी घरातल्या सगळ्यांना पिळून काढणारी. ही पण आईच आणि येफ्रोसिन्या पण आईच, दोघींना पोराला वर चढवायचंय, हे माझ्याही त्या रात्रीच लक्षात आलं. आईने अर्धा तास बघितलं असेल. मग म्हणाली, "ही बाई चांगली नाहीये. बंद कर, मला झोप नाही लागायची."