तुम्ही विचारलंत म्हणून: कमावतोस ना, मग क्रॅक केलेले गेम कशाला?

ऑफिसात, लग्नात, कुठेही हा प्रश्न येतोच. अरे आयटीत आहेस, कोथरूडला फ्लॅट आहे, मग हार्ड डिस्कवर ते पायरेटेड गेम कशाला भरून ठेवलेस?

तर, जो गेम विकत मिळतो तो मी विकतच घेतो, सेलची वाट बघून का होईना. पण विकायलाच नसेल तर पैसे द्यायचे कुणाला? नीड फॉर स्पीडचे कार्बन, अंडरकव्हर, द रन हे गाड्यांच्या शर्यतीचे गेम ईए कंपनीने २०२१ मध्ये ऑनलाइन स्टोअरवरून काढले. डिसेंबर २०२४ मध्ये फोर्झा होरायझन ४ गेला, का तर गाड्यांची आणि गाण्यांची लायसन्स संपली.

यावर उत्तर ठरलेलं, की जुन्या बाजारातून ओरिजिनल डिस्क आण. आणतो की! रविवारी जाऊन, घासाघीस करून, कव्हर फाटलेली, मागे ओरखडे असलेली. पण त्या काळच्या बऱ्याच डिस्कवर सेफडिस्क नावाचं प्रोटेक्शन असायचं, डिस्क खरी आहे की कॉपी ते तपासायला, आणि विंडोज १० त्याचा ड्रायव्हरच चालू देत नाही, त्यामुळे खरी डिस्क ड्राइव्हमध्ये गरगर फिरत राहते आणि गेम काही उघडत नाही. कुणा पायरेटवाल्याने तेव्हा बनवलेली नो-सीडी एक्झी फाइल, म्हणजे डिस्क न तपासताच गेम उघडणारी, फोल्डरमध्ये टाकली की लगेच चालू. चोरासाठी लावलेल्या कुलपाने मालकच बाहेर!

द क्रू या गेमचं तर त्याहून वाईट. एकट्याने खेळायचं तरी सर्व्हर लागायचा, तो कंपनीने ३१ मार्च २०२४ ला बंद केला, तेव्हापासून नुसती डिस्क असून उपयोग शून्य.

आपल्या पुण्यात लॉ कॉलेज रोडवर १९६४ पासून जुने सिनेमे जपणारं फिल्म आर्काइव्ह आहे, तरी आलम आरा, आपला पहिला बोलपट, १९३१ चा, त्याची एकही प्रिंट सापडत नाही. गेम जमा करायला मी कुठल्या रोडवर जाऊ?

कायद्यात हे बसतं असं मी म्हणत नाही हां. गेम दुकानातून गेला म्हणून कॉपीराइट संपत नाही. पण गेल्या महिन्यात आलेला गेम टॉरेंटवरून उतरवायचा आणि वर प्रिझर्वेशन प्रिझर्वेशन, म्हणजे गेम जपतोय, असं करायचं, ही शुद्ध फुकटेगिरी आहे, आणि असल्या लोकांमुळे आमच्यासारखे उगाच बदनाम होतात. त्यामुळे जुनं काही हवं असेल तर या, चहा पण मिळेल. नवीन गेमसाठी पेन ड्राइव्ह घेऊन बेल वाजवू नये.