डॉर्टमुंडची पिवळी भिंत आणि चेहऱ्यांचा कायदा

जर्मनीतल्या डॉर्टमुंडच्या फुटबॉल स्टेडियमची दक्षिण बाजू, म्हणजे 'पिवळी भिंत', टीव्हीवर सगळ्यांनी पाहिली आहे. जवळपास 25 हजार माणसं तिथे उभ्यानं सामना बघतात. या प्रेक्षकांवर माहितीपट करायचा, तर खरी झटापट होते ती चेहऱ्यांवरून.

जर्मनीत 1907 चा कायदा आजही लागू आहे: ज्याचा चेहरा, त्याची परवानगी. गर्दीचं लांबून घेतलेलं चित्र सहसा चालतं, पण एकच माणूस जवळून उचलला की संमती हवी. अल्ट्रा गट, म्हणजे कट्टर समर्थकांचे संघटित गट, त्याहून कडक. मशाली पेटवायला बंदी आहे आणि सापडला त्याला स्टेडियमबंदी होऊ शकते, त्यामुळे तुमचं फुटेज म्हणजे त्यांच्याविरुद्धचा पुरावा. लेन्सवर आडवा हात येतो तो यासाठी. हे पटतं, पण वैताग येतोच! क्लबनं पास दिला म्हणजे गटानं होकार दिला असं होत नाही. आधी कॅमेऱ्याशिवाय भेटायचं, एकेकट्याशी न बोलता गटाशी बोलायचं. कच्चं फुटेज कुठे राहील, कोण बघेल, चेहरे कधी झाकणार, हे लिहून द्यायचं. सामन्याच्या वेळी प्रेक्षकांत उभारायचा भलामोठा देखावा रंगवतानाचे तास सोन्यासारखे, पण सामना सुरू होईपर्यंत तो गुपित असतो. आधी एक फोटो जरी बाहेर गेला तरी दार कायमचं बंद.

गोल स्वतः टिपायचा मोह टाळा. मैदानावरच्या चित्रणाचे हक्क प्रक्षेपणवाल्यांचे. मैदानाकडे पाठ करून भोंग्यावर गजर चालवणारा 'कापो' टिपा. बहुतेक वेळा पाठमोराच, कारण चेहऱ्याला पुन्हा तोच कायदा.

तांत्रिक बाजू थोडक्यात: सेकंदाला 25 फ्रेम, शटर 1/50, नाहीतर दिवे लुकलुकतात. धुरात ऑटोफोकस भरकटतो, म्हणून फोकस हातानं. व्हाइट बॅलन्स लॉक. मशालीसाठी एक्स्पोजर एक-दोन स्टॉप खाली. डिसेंबरात जास्तीच्या बॅटऱ्या जॅकेटच्या आतल्या खिशात.

कोल्हापुरात राजर्षी शाहू स्टेडियमवर पाटाकडील आणि खंडोबा या तालमींच्या संघांचा फुटबॉल सामना असला की माणसं आपणहून लेन्ससमोर येतात. परवानगीचा कागद कोण मागणार? मला त्यात गैर वाटत नाही. टिपणारा बहुधा पेठेतलाच, ओळखीचा असतो. हुल्लडबाजीची क्लिप पोलिसांपर्यंत गेली की मात्र तिथेही ओळख पुरत नाही, हे मान्य. तरी जर्मन शिस्तीचे गोडवे गाणाऱ्यांनी पेठेतला हा मोकळेपणा अडाणीपणात जमा करू नये.

आवाजाकडे मात्र दोन्हीकडे सारखंच दुर्लक्ष होतं. अतिमोठा आवाजही न फाटता साठवणारा 32 बिट फ्लोट रेकॉर्डर असला तरी माइकच्या कॅप्सूलमध्येच, म्हणजे आवाज पकडणाऱ्या भागातच, आवाज फाटला तर काही वाचत नाही, म्हणून जास्त दाब सोसणारा माइक घ्या. साध्या 24 बिट रेकॉर्डरवर असाल तर दुसरा ट्रॅक 12 ते 20 डेसिबल खाली ठेवा. ढोलाच्या शेजारी उभं राहू नका, बाकी सगळा गजर त्यात बुडतो. 2012 च्या अखेरीस जर्मन प्रेक्षकांनी सुरक्षा नियमांच्या निषेधार्थ 12 मिनिटं 12 सेकंद शांत राहून सामने पाहिले. असा मौनाचा निषेध टिपायचा तर एक माइक हळू आवाजासाठी चढ्या गेनवर (रेकॉर्डिंगची पातळी), दुसरा गजरासाठी उतरत्या गेनवर ठेवा. मौन संपताना गजर इतका अचानक उसळतो की गेन हातानं फिरवायला वेळच मिळत नाही.