काकाजीचा डीव्हीआर अन् सहा वेळा आठ

दिवाळीत गावी गेलो तर काकाजीनं आल्याआल्या काम लावलं, "मोबाईलवर कॅमेरा दिसून नाही राह्यला, पाह्य बरं." डीव्हीआर, म्हणजे कॅमेऱ्याचं रेकॉर्डिंग साठवणारा डबा, अलमारीवर, तुरीच्या बियाण्याच्या रिकाम्या पिशवीखाली. 2015 मध्ये घरात भरलेला कापूस चोरीला गेला तेव्हा बसवलेला. स्क्रीनवर तारीख 2000 सालची, आतला सेल कधीचाच मेला असणार. पासवर्ड झाकणावरच चिकटवलेला, सहा वेळा आठ.

पुण्यातल्या पोराला आंगण दिसावं म्हणून बसवणाऱ्यानं केबलवाल्याकडून स्टॅटिक आयपी, म्हणजे इंटरनेटवरचा कायमचा पत्ता, घेऊन राउटरमध्ये पोर्ट, म्हणजे बाहेरून आत यायचं दार, उघडून ठेवलं होतं. म्हणजे पोराला दिसते तसं जगात कोणालाही दिसू शकते, मधात फक्त ते सहा आठ. अन् तीन नंबरचा कॅमेरा कापसाच्या खोलीवर लावला म्हणे, पण त्यात न्हाणीचं दार पण येते.

काकाजी हसले, "आपल्या खेड्यातलं कोन पायते रे?" आता काय सांगावं, माणूस नाही पाहत, प्रोग्राम रात्रंदिवस एकेक आयपी ठोठावत फिरतात, त्यांना वरूड काय अन् न्यूयॉर्क काय. 2016 चा मिराय नावाचा व्हायरस तसाच, कंपनीतून येतात त्या साठेक युजरनेम-पासवर्डच्या जोड्या लावून पाहायचा, त्यात हे सहा आठ पण होते, अन् अशा पकडलेल्या कॅमेरे-डीव्हीआर-राउटरच्या फौजेनं 21 ऑक्टोबरला वेबसाइटचे पत्ते शोधून देणाऱ्या डाइन (Dyn) कंपनीवर इतका ट्रॅफिक सोडला की अमेरिकेत ट्विटर, नेटफ्लिक्स अडकले. बनवणारी पोरं विशीतली! मशीन बंद-चालू केली की मिराय जायचा, पण पासवर्ड तोच असला की थोड्या वेळात परत हजर.

अपडेट शोधला तर मॉडेलच बंद झालेलं. एप्रिल 2025 पासून नव्या कॅमेऱ्यांना सरकारी सुरक्षा चाचणी लागते, पण अलमारीवरच्या या डब्याले कोण विचारते? शेवटी पोर्ट बंद केलं, राउटरमध्ये आपोआप पोर्ट उघडणारं यूपीएनपी बंद केलं, पासवर्ड बदलला, स्टॅटिक आयपी परत करायला लावला. आता कॅमेरा घरातल्या वायफायवरच दिसते.

"मंग पोरगं कसं पाहीन?" काकाजीचा चेहरा उतरला.

काकू इतका वेळ कापसाच्या वाती वळत ऐकत होत्या. काही न बोलता उठल्या, स्टूल घेतला अन् तीन नंबरच्या कॅमेऱ्याले जुन्या लुगड्याची चिंधी गुंडाळून आल्या.